वित्तोरिओ स्तोरारो : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आमच्या फिल्म सोसायटीत स्तोरारोनं चित्रित केलेला एखादा सिनेमा दाखवला की खेळानंतर दारात चपला घालताना आणि नंतर आठवडाभर व्हॉट्सॲपवर तेच तेच प्रश्न येतात. दर वेळी नव्यानं टाईप करायचा कंटाळा आला म्हणून हे पान. सोप्यापासून सुरुवात केली आहे. ज्यांना फक्त डीव्हीडीच्या चौकटीवरून भांडायचं आहे त्यांनी थेट प्रश्न १२ गाठावा.

१. स्तोरारो कोण, हे थोडक्यात सांगाल?

इटालियन सिनेमॅटोग्राफर. जन्म रोम, २४ जून १९४०. तीन ऑस्कर: ‘अपोकॅलिप्स नाऊ’ (१९७९), ‘रेड्स’ (१९८१) आणि ‘द लास्ट एम्परर’ (१९८७). बेर्नार्दो बेर्तोलुची, फ्रान्सिस फोर्ड कपोला, वॉरन बीटी, कार्लोस साउरा आणि उतारवयात वूडी ॲलन, या पाच दिग्दर्शकांच्या नावांत त्याची बहुतेक कारकीर्द येते. हे पाच जण एकमेकांसारखे अजिबात नाहीत, तरी पाचांच्याही सिनेमात एखादी भिंत, एखादी खिडकी अशी दिसते की माणूस ओळखू येतो.

२. सिनेमॅटोग्राफर म्हणजे कॅमेरा चालवणाराच ना?

नाही. कॅमेरा चालवणारा तो ऑपरेटर. ‘द कन्फॉर्मिस्ट’पासून ‘अपोकॅलिप्स नाऊ’पर्यंत स्तोरारोचा ऑपरेटर बहुतेक वेळा एन्रिको उमेतेल्ली असायचा. स्तोरारो स्वतः उजेड ठरवणार, लेन्स ठरवणार, एक्स्पोजर ठरवणार, आणि शेवटी लॅबमध्ये बसून प्रिंटचा काळा रंग किती काळा हवा तेही ठरवणार. आपल्याकडे लग्नाच्या व्हिडिओपासून सगळ्यांना सरसकट ‘कॅमेरामन’ म्हणायची सवय असल्यानं हा गोंधळ होतो.

३. तो स्वतःला ‘डायरेक्टर ऑफ फोटोग्राफी’ म्हणवून घेत नाही, हे खरं का?

खरं. त्याचं म्हणणं असं की सिनेमाला डायरेक्टर एकच असतो, दुसरा कुठून आणायचा? शिवाय फोटोग्राफी म्हणजे एका स्थिर चित्रात उजेडानं लिहिणं. सिनेमात त्याला गती आणि काळ येऊन मिळतात. म्हणून शब्द हवा ‘सिनेमॅटोग्राफर’. आपल्या तीन खंडांच्या ग्रंथालाही त्यानं ‘उजेडानं लिहिणं’ अशा अर्थाचं इटालियन नाव दिलं आहे. पहिला खंड प्रकाशावर, दुसरा रंगांवर, तिसरा मूलतत्त्वांवर.

आता गंमत बघा. जुन्या मराठी सिनेमांच्या श्रेयनामावलीत याच कामाला ‘छायालेखन’ म्हटलेलं असायचं. तो म्हणतो उजेडानं लिहितो, आपण म्हणत आलो सावलीनं लिहितो. त्याचे सत्तरच्या दशकातले सिनेमे पाहिले की मला आपलाच शब्द जास्त नेमका वाटतो. का, ते प्रश्न ५ आणि ६ मध्ये येईल.

४. वडील सिनेमातलेच होते म्हणे. म्हणजे सगळं आयतं मिळालं?

वडील लक्स फिल्म या कंपनीत प्रोजेक्शनिस्ट होते, पडद्यावर सिनेमा टाकणारे. त्या नोकरीतून मुलाला वशिला किती मिळणार? पण दुसऱ्यांनी काढलेली चित्रं पडद्यावर फेकणाऱ्या माणसाला ती आपण काढावीत असं वाटत असणार, आणि ते स्वप्न मुलाकडे आलं. अकराव्या वर्षी पोरगा फोटोग्राफी शिकायला लागला, अठराव्या वर्षी रोमच्या ‘चेंत्रो स्पेरिमेंताले’ या सरकारी सिनेमाशाळेत गेला, आणि एकविसाव्या वर्षी ऑपरेटर झाला. त्या काळातल्या इटलीत हे वय फारच कोवळं होतं.

मग साठच्या दशकाच्या सुरुवातीला इटालियन सिनेमाधंद्याला मंदी आली आणि त्याला काम मिळेना. त्या रिकाम्या काळात त्यानं चित्रकला, साहित्य, संगीत यांचा अभ्यास केला. शाळेत तंत्र शिकवलं, पण उजेड कशासाठी वापरायचा हे कुणी शिकवलं नाही, ही त्याची जुनी तक्रार. काराव्हाज्जो हा जुना इटालियन चित्रकार त्याला याच काळात चित्रांतून भेटला (प्रश्न १६). पुन्हा काम मिळालं तेव्हा तो एक पायरी खाली उतरून असिस्टंट म्हणून गेला. तो सिनेमा बेर्तोलुचीचा होता, ‘बिफोर द रेव्होल्यूशन’ (१९६४). पुढच्या सगळ्याचं मूळ या खाली उतरण्यात आहे, असं मला वाटतं. स्वतंत्रपणे केलेला पहिला सिनेमा मात्र फ्रांको रोस्सीचा ‘जोव्हिनेत्सा, जोव्हिनेत्सा’, कृष्णधवल.

५. एकच सिनेमा बघायचा असेल तर कुठला?

‘द कन्फॉर्मिस्ट’ (१९७०). सगळ्यांना व्हिएतनाम युद्धावरचा ‘अपोकॅलिप्स नाऊ’ अपेक्षित असतो, पण त्यात हेलिकॉप्टरं आहेत, स्फोट आहेत, जंगल आहे. इथे एक माणूस, काही खोल्या, आणि उजेड, एवढंच. स्तोरारो तेव्हा तिशीतही पुरता पोहोचला नव्हता.

गोष्ट मुसोलिनीच्या काळातली. मार्चेल्लोला चारचौघांसारखं व्हायचं आहे, म्हणून तो फॅसिस्टांसाठी खून करायला तयार होतो. वाग्दत्त वधूच्या घरी तो जातो तेव्हा खिडकीच्या पट्ट्यांच्या पडद्यातून उजेडाच्या पट्ट्या खोलीभर पडतात आणि झोके खातात. तिचा पोशाखही काळ्यापांढऱ्या पट्ट्यांचा. सजावट म्हणून बघितलं तर सुंदर आहे, पण थोडं थांबून बघा: गजांआड बसून दोघं लग्नाच्या गप्पा मारताहेत.

रोममधल्या भागात उजेड आणि सावली यांच्यामध्ये रेघ मारल्यासारखी हद्द आहे, एक दुसऱ्यात मिसळत नाही. गोष्ट पॅरिसला पोहोचते आणि निळसर, सैल उजेड सुरू होतो. तिथे प्राध्यापकाच्या अभ्यासिकेत प्लेटोच्या गुहेवर बोलणं निघतं, म्हणजे भिंतीवरच्या सावल्यांनाच खरं जग समजणाऱ्या कैद्यांच्या दृष्टांतावर. मार्चेल्लो खिडकी बंद करतो, प्राध्यापक नुसती काळी आकृती होऊन जातो आणि मार्चेल्लोची सावली भिंतीवर पडते. प्राध्यापक दुसरी खिडकी उघडतो आणि ती सावली पुसली जाते. संवाद गुहेतल्या सावल्यांवर, आणि भिंतीवर नेमकं तेच चाललेलं. आमच्याकडे या प्रसंगाला एका काकांनी मोठ्यानं “अरे वा!” म्हटलं होतं. मागच्या रांगेतून कुणीतरी शू:ऽ केलं, पण दाद योग्य जागी होती.

६. ‘अपोकॅलिप्स नाऊ’मध्ये ब्रँडो दिसतच नाही धड. प्रिंट खराब होती का?

प्रिंट उत्तम होती. हा प्रश्न दर खेळाला येतो.

मार्लन ब्रँडो फिलिपिन्समधल्या सेटवर आला तो अपेक्षेपेक्षा फारच जाडजूड होऊन. कर्नल कर्ट्झ हा खंगलेला, जंगलात राहणारा सैनिक. तो असा कसा दाखवायचा? मार्ग निघाला अंधाराचा. पण नुसतं वजन लपवणं एवढाच हेतू असता तर ते दृश्य इतकं अंगावर आलं नसतं. दोन तास आपण ज्याचं नुसतं नाव ऐकतोय तो माणूस समोर येतो आणि तुकड्यातुकड्यानं दिसतो. आधी हात, मग पाण्यानं ओलं केलेलं टक्कल, मग अर्धा चेहरा. बाकीचा कर्ट्झ प्रेक्षकानं आपल्या मनातून भरायचा.

बाहेरच्या दृश्यांत त्यानं उलट केलं. निसर्गाच्या उजेडावर माणसानं आणलेला उजेड चाल करून जातो, ही त्याची मूळ कल्पना. हिरव्या रानात सैनिकांचे रंगीत धुराचे लोट. काळ्या नदीवर मधोमध झगझगीत दिव्यांचा रंगमंच. दो लुंग पुलावर तोरणासारख्या लटकणाऱ्या बल्बच्या माळा. युद्ध म्हणजे एका संस्कृतीनं दुसरीवर चढणं, हे त्यानं दिव्यांनी सांगितलं.

चित्रीकरण मार्च १९७६ मध्ये सुरू झालं आणि मे १९७७ मध्ये आटोपलं, मध्ये वादळानं सेट मोडले. सगळं मिळून २३८ दिवस.

७. म्हणजे ‘द गॉडफादर’ही त्याचाच?

नाही. दिग्दर्शक तोच, कपोला, पण चित्रण गॉर्डन विलिसचं. कपोलानं ‘अपोकॅलिप्स नाऊ’साठी बोलावलं तेव्हा स्तोरारो आधी बिचकला होता तो याच कारणानं: विलिसच्या जागेवर आपण कसं जायचं? दोघांनाही अंधाराची भीती नाही, म्हणून गल्लत होते. पुढे कपोलाबरोबर त्यानं ‘वन फ्रॉम द हार्ट’ आणि ‘टकर’ केले.

८. ऑस्कर मिळालेला तो एकटाच इटालियन सिनेमॅटोग्राफर आहे का?

नाही, त्याच्या आधी दोघांना मिळालं होतं. टोनी गाउदियो जन्मानं इटालियन, हॉलिवूडमध्ये स्थिरावलेला. त्याला ‘अँथनी ॲडव्हर्स’ (१९३६) साठी. पास्क्वालीनो दे सांतिसला झेफिरेल्लीच्या ‘रोमिओ अँड ज्युलिएट’ (१९६८) साठी. तीन वेळा मात्र स्तोरारोलाच. हयात असलेल्यांत रॉबर्ट रिचर्डसन आणि इमॅन्युएल लुबेझ्की यांचीही तीन आहेत. विक्रम चारचा: लिऑन शॅमरॉय आणि जोसेफ रुटेनबर्ग.

‘डिक ट्रेसी’साठीही त्याला नामांकन होतं, पण त्या वर्षी ‘डान्सेस विथ वुल्व्ह्ज’नं बाजी मारली. ‘द कन्फॉर्मिस्ट’च्या चित्रणाला नामांकनसुद्धा नव्हतं. असो.

९. त्याच्या सिनेमात प्रत्येक रंगाला अर्थ असतो म्हणतात. ‘द लास्ट एम्परर’मध्ये कुठला रंग म्हणजे काय?

‘अपोकॅलिप्स नाऊ’नंतर त्यानं वर्षभर काम बाजूला ठेवलं आणि रंगांवर वाचत बसला. न्यूटन, गटे, जे मिळेल ते. ‘द लास्ट एम्परर’ या अभ्यासाचं सगळ्यात पक्व फळ.

सिनेमा सुरू होतो १९५० मध्ये, जवळजवळ रंग उडालेल्या स्टेशनवर. कैदी म्हणून आणलेला चीनचा माजी सम्राट पु यी मनगट कापून घेतो. लाल. त्या लाल रंगातून आठवण उघडते: बाळ पु यीला राजवाड्यात न्यायला आलेले मशालवाले. मग कुटुंबाच्या उबेचा नारिंगी. मग पिवळा, सम्राटाचा स्वतःचा. भावानं पिवळं घातलं म्हणून दोन पोरं भांडतात तो प्रसंग आठवा. स्कॉटिश शिक्षक जॉन्स्टन येतो आणि त्याच्याबरोबर ज्ञानाचा हिरवा. म्हणजे माणसाचं आयुष्य इंद्रधनुष्याच्या क्रमानं पुढं सरकतं.

पण हा तक्ता पाठ करून सिनेमाला बसू नका. रंग मोजण्यापेक्षा सावली बघा. निषिद्ध नगरीत, म्हणजे त्या राजवाड्यात, पु यी लहान असताना त्याच्यावर थेट ऊन जवळजवळ पडतच नाही; छत, पडदे, छत्र्या, सतत काहीतरी मध्ये असतं. तो जसजसा जगाबद्दल शिकतो तसतसा उजेड आत येतो. ‘द कन्फॉर्मिस्ट’मध्ये उजेड आणि सावली यांची फारकत होती (प्रश्न ५); सतरा वर्षांनी इथे त्यांचा समेट होतो. त्याच्या सगळ्या कामात मला हाच धागा मोलाचा वाटतो, आणि तो रंगांच्या तक्त्यात सापडत नाही.

१०. ‘ईएनआर’ म्हणजे काय? प्रत्येक लेखात हे अक्षरत्रय दिसतं.

रोमच्या टेक्निकलर लॅबमधली प्रक्रिया, एर्नेस्तो नोव्हेल्ली या तिथल्या तंत्रज्ञाच्या नावावरून ओळखली जाणारी. पहिल्यांदा वापरली ‘रेड्स’साठी.

रंगीत फिल्म धुताना तिच्यातली चांदी शेवटी काढून टाकतात, उरतात ते नुसते रंग. ईएनआरमध्ये प्रिंटला कृष्णधवल डेव्हलपरची एक जादा अंघोळ घालतात, त्यामुळे थोडी चांदी मागे राहते. चांदी जिथे दाट तिथे काळा खरोखर काळा होतो, आणि वरचे रंग थोडे मवाळ होतात. किती चांदी ठेवायची ते कमीजास्त करता येतं.

‘ब्लीच बायपास’ हे याचंच दुसरं नाव नव्हे. त्यात चांदी काढण्यासाठीची ब्लीचची पायरीच गाळतात, म्हणून चांदी सगळी राहते. हातात नियंत्रण कमी. आणखी एक: ईएनआर थिएटरात जाणाऱ्या प्रिंटवर होत असे, म्हणजे प्रत्येक प्रिंट तशी धुवावी लागे. तुमच्या लॅपटॉपवर दिसतं ती त्या काळ्याची नक्कल, बरी-वाईट कशीही.

११. ‘वन फ्रॉम द हार्ट’ आणि ‘डिक ट्रेसी’ इतके नाटकी का दिसतात?

मुद्दाम. ‘वन फ्रॉम द हार्ट’मध्ये अख्खं लास व्हेगास स्टुडिओत उभं केलं होतं. तिथे त्यानं नाटकातल्यासारखे सगळे दिवे एका डिमर बोर्डाला जोडले, त्यामुळे शॉट चालू असतानाच उजेड बदलता यायला लागला. ही सवय त्यानं कायम ठेवली (प्रश्न १३). ‘डिक ट्रेसी’त वर्तमानपत्रातल्या चित्रपट्टीसारखे मोजून सातेक रंग, आणि तेही एकेकाच छटेचे: पिवळा म्हणजे एकच पिवळा. आवडलं नाही तर नाही आवडलं, पण हात चुकलेला नाही.

१२. माझ्या डीव्हीडीवर ‘अपोकॅलिप्स नाऊ’च्या कडा कापलेल्या आहेत. ही पायरेटेड कॉपी आहे का?

बहुधा अस्सल आहे. कडा खुद्द स्तोरारोच्या संमतीनं कापलेल्या आहेत, आणि भांडण तिथेच सुरू होतं.

१९९८ च्या सुमारास त्यानं ‘युनिव्हिझियम’ नावाची कल्पना मांडली. थिएटरात एक चौकट, टीव्हीवर दुसरी, मध्ये चित्राची कापाकापी. त्यापेक्षा सगळ्यांसाठी एकच चौकट ठेवा, रुंदी उंचीच्या बरोब्बर दुप्पट. ७० मिमीच्या पडद्याचं साधारण २.२० आणि हायडेफिनिशन टीव्हीचं १.७८, यांची सरासरी १.९९ येते, तिथून हा २. शिवाय एका चित्राला फिल्मच्या कडेच्या चारऐवजी तीनच छिद्रांइतकी लांबी लागते, म्हणजे पाव फिल्म वाचते. कल्पना वेडगळ नव्हती. आज ओटीटीवरच्या कितीतरी मालिका याच २:१ चौकटीत दिसतात.

भानगड अशी की त्यानं ती मागच्या तारखेनं लावली. ‘अपोकॅलिप्स नाऊ’ २.३५ च्या चौकटीत रचलेला, तो डीव्हीडीवर २ चा झाला. हिशेब करा, साधारण १५ टक्के चित्र गेलं. ‘द लास्ट एम्परर’चंही क्रायटेरियन या डीव्हीडी काढणाऱ्या कंपनीनं २००८ मध्ये तेच केलं. आम्ही एकदा दोन कॉप्या शेजारी-शेजारी लावून बघितल्या. कडेला उभे सैनिक अर्धे झालेले पाहून आमच्यातला एक मितभाषी निवृत्त शिक्षक म्हणाला, “वकिलानं स्वतःचंच मृत्युपत्र खोडावं तसं झालं की हे!”

माझं मत विचाराल तर या एका बाबतीत त्याचं चुकलं. ‘अपोकॅलिप्स नाऊ’च्या २०१० च्या ब्लू-रेवर पूर्ण रुंदी परत आली. विकत घेताना पाठीवरचा आकडा वाचा.

१३. फिल्मचा एवढा अभिमानी माणूस डिजिटलवर कसा गेला?

पंच्याहत्तरीत, हसत हसत. वूडी ॲलनचा ‘कॅफे सोसायटी’ (२०१६) हा ॲलनचाही पहिला डिजिटल सिनेमा, स्तोरारोनं सोनी एफ६५ कॅमेऱ्यावर केलेला. त्यात न्यूयॉर्कच्या ब्रॉंक्स भागातलं घर फिकट, राखी. हॉलिवूड ऊबदार, सोनेरी.

पुढच्या वर्षीचा ‘वंडर व्हील’ मात्र जरूर बघा. केट विन्स्लेट बोलत असते, चेहऱ्यावर संध्याकाळचा नारिंगी उजेड. वाक्य संपायच्या आत तो विझतो आणि त्याच चेहऱ्यावर निळा चढतो. बाहेर जत्रेतले दिवे आहेत हा बहाणा. काही समीक्षकांना हे भडक वाटलं. मला वाटतं, डिमर बोर्डावर हात ठेवून म्हातारा मजा करत होता.

१४. टीव्हीसाठी काम केलं म्हणजे पडता काळ होता का?

त्यानं असा भेद कधी केला नाही. बेर्तोलुचीबरोबरचा ‘द स्पायडर्स स्ट्रॅटेजम’ (१९७०) हाच मुळी इटालियन सरकारी टीव्हीसाठी होता. साब्बियोनेता गावातली त्यातली निळी संध्याकाळ कुठल्याही मोठ्या पडद्याला लाजवेल. ‘ड्यून’च्या २००० सालच्या मालिकेसाठी त्याला एमी मिळालं. ती मालिका रंगीत दिव्यांनी इतकी न्हाली आहे की वाळवंटाऐवजी रंगमंच आठवतो. बक्षीस मिळालं तरी ती माझ्या आवडत्यांत नाही.

१५. त्याचा भारताशी काही संबंध?

थेट असा एक. गोव्याच्या ५१ व्या ‘इफ्फी’त, म्हणजे जानेवारी २०२१ मध्ये, त्याला जीवनगौरव पुरस्कार जाहीर झाला. महोत्सव एरवी नोव्हेंबरात असतो. त्या वर्षी कोविडमुळे पुढे गेला होता.

आडवळणानं दुसरा: माजिद मजिदीचा ‘मुहम्मद: द मेसेंजर ऑफ गॉड’ (२०१५), चित्रण स्तोरारोचं, संगीत ए. आर. रहमानचं. नायकाचा चेहरा दाखवायचा नाही, या अटीवर अख्खा सिनेमा चित्रित करायचा होता. ज्यानं ब्रँडोला अंधारात ठेवलं (प्रश्न ६) त्यालाच हे काम मिळावं, यात एक न्याय आहे.

‘लिटल बुद्धा’ (१९९३) भारतात चित्रित झाला असं बरेच जण छातीठोकपणे सांगतात. सिद्धार्थाचा राजवाडा म्हणून दिसतं ते नेपाळमधलं भक्तपूर आहे. सिद्धार्थाची दृश्यं ६५ मिमी फिल्मवर आहेत; अमेरिकेतला भाग निळा-थंड, पूर्वेकडचा सोनेरी. पूर्व म्हणजे सोनेरीच, हे जरा सोपं उत्तर झालं असं आमच्या चर्चेत बऱ्याच जणांचं मत पडलं.

१६. रोमला चाललो आहे. स्तोरारोसाठी म्हणून काय बघू?

रात्री फोरी इम्पेरियाली रस्त्यावर चक्कर मारा. तिथल्या सम्राटांच्या चौकांच्या अवशेषांची प्रकाशयोजना त्यानं आपल्या मुलीबरोबर, फ्रान्चेस्काबरोबर केली आहे.

पण त्याआधी दिवसा सान लुईजी देई फ्रान्चेझी या चर्चमध्ये जा. तिकीट नाही. आत डाव्या हाताला शेवटच्या कोनाड्यात काराव्हाज्जोचं, येशू मॅथ्यूला शिष्य म्हणून बोलावतो ते चित्र आहे, १५९९-१६०० मधलं. अंधाऱ्या खोलीत पैसे मोजत बसलेली माणसं. चित्रात खिडकी आहे, पण तिच्यातून उजेड येत नाही. तो येतो उजवीकडून, येशूच्या डोक्यावरून, भिंतीवर तिरकी रेघ मारत. तरुण स्तोरारो याच्यासमोर उभा राहिला होता. ती तिरकी रेघ ‘द कन्फॉर्मिस्ट’मध्ये कितीदा येते, ते परत आल्यावर मोजा.

कोनाड्यात अंधार असतो. बाजूच्या पेटीत नाणं टाकलं की दिवा लागतो, आणि थोड्या वेळानं आपोआप जातो. सुटे पैसे जवळ ठेवा, आणि दिवा गेल्यावर लगेच दुसरं नाणं टाकू नका.